झिपरूआप्पांची खाकी

पोलीस चौकीत ज्यांची बसायची जागा ठरलेली होती, असे आमच्या गल्लीत एकटे झिपरूआप्पाच. आत शिरल्यावर डाव्या हाताला, पाण्याच्या माठाशेजारचा बाक. त्या बाकाची भिंतीकडची बाजू आप्पांची. दुसरा कुणी पकडून आणलेला इसम तिथे बसलाच, तर हवालदारच त्याला उठवत. "वहाँ मत बैठ, आप्पा आनेवाले हैं."

मी सुरतेत, लिंबायतच्या मराठी शाळेत मास्तर होतो. आता शाळाही मराठी राहिलेली नाही आणि मीही निवृत्त झालो आहे. आप्पा आमच्या समोर राहायचे आणि गल्लीच्या तोंडाशी लिंबाच्या झाडाखाली इस्त्रीची हातगाडी लावायचे; इकडे तिला लारी म्हणतात. सडपातळ, काळेसावळे, कानाच्या पाळ्या मोठ्या. अंगात पांढरा सदरा आणि लेंगा, दोन्ही असे कडक की माणूस आत आहे की नुसते कपडेच चालले आहेत, अशी शंका यावी. आप्पांचा चुरगळलेला सदरा मी पाहिलेला नाही. सकाळी पाण्याच्या टँकरसमोर भांडणं चालत, आणि त्या गर्दीत बादली धरून आप्पा उभे राहत ते जणू कुणाच्या साखरपुड्याला आल्यासारखे.

तरुणपणी आप्पा धुळ्याकडून इथे आले आणि एका लूम्सच्या खात्यात, म्हणजे कापडाच्या कारखान्यात, कारीगर म्हणून लागले. मग कधीतरी खातं बंद पडलं, घरी चूल पेटेना, आणि टेम्पोतून कापडाचे ताके उतरवून घेणाऱ्या एका टोळीत ते शिरले. टोळीतले बाकीचे पळाले. आप्पा पळाले नाहीत, कारण त्यांच्या पाठीवर ताका होता आणि तो खाली चिखलात टाकवेना. हे त्यांनीच मला सांगितलं. "नवं कोरं कापड व्हतं गुरजी. खराब व्हई जातं."

वर्षभराची शिक्षा भोगून ते बाहेर आले आणि पुन्हा कुणाच्या सुतालाही त्यांनी हात लावला नाही. पण पोलिसांच्या यादीत गेलेलं नाव ही वेगळी गोष्ट असते. निवडणूक आली, मोठा सण आला, कुणी मंत्री उद्घाटनाला आला, की यादीतल्या माणसांना आदल्या दिवशी किंवा त्याच सकाळी चौकीत आणून बसवायचं, म्हणजे शहरात शांतता नांदते अशी समजूत आहे. गणेश विसर्जनाला तर हमखास. त्यामुळे उभ्या आयुष्यात आप्पांनी आमच्या गल्लीच्या गणपतीचं विसर्जन पाहिलं नव्हतं. मंडळ स्थापन करणाऱ्यांत ते होते. मांडवाचं कापड दरवर्षी तेच इस्त्री करून देत. दहा दिवस आरतीला पुढे उभे. आणि अकराव्या दिवशी सकाळी चौकीचे रमणभाई हवालदार सायकल टेकवून आवाज देत, "चालो आप्पा."

"चला," म्हणून आप्पा निघत. एका हातात डबा, दुसऱ्या हातात घडी घातलेली चादर. वाटेत लोक गुलाल घेऊन येत असत. आप्पा त्यांच्यामधून अंग चोरून, सदऱ्याला रंग लागू न देता, उलट्या दिशेने चालत जात.

चौकीतल्या निम्म्या लोकांचे युनिफॉर्म त्यांच्याच लारीवर इस्त्रीला येत. ज्या हाताने आप्पांना बाकावर बसवलं, त्या हाताच्या बाहीची घडी आप्पांनीच घातलेली असे. मी एकदा हे त्यांना बोलून दाखवलं. त्यांनी इस्त्री निखाऱ्यांसकट हलवली, राख झटकली आणि म्हणाले, "कपडाना काय गुन्हा शे गुरजी?"

एकदा आमच्या घरी चोरी झाली. गावाहून परतलो तर कुलूप तुटलेलं, पितळेची भांडी आणि शिलाई मशीन गेलेलं. मी अजून पोलिसांकडे जायचं की नाही याचा विचार करत होतो, तोवर समोरून आप्पा आले. हातात डबा आणि चादर.

"गुरजी, मी नही करी."

"अहो आप्पा, मी तुमचं नाव तरी घेतलं का?"

"तुमी नही घेवाव. त्या घेतीन." असं म्हणून ते स्वतःच चौकीत गेले आणि बाकावर बसले. त्यांचं म्हणणं, रमणभाईंना उन्हात सायकल हाणत यायला कशाला लावायचं? पुढे चोर सापडला, उधन्याचा होता. भांडी मिळाली, मशीन नाही. आप्पा तेवढा काळ चौकीत बसून आले आणि आल्याबरोबर मला विचारलं, "वहिनीनं मशीन भेटनं का?"

माणसाने किती समजूतदार असावं यालाही मर्यादा हवी. मला त्यांच्या या शहाणपणाचा संताप यायचा. मी म्हणायचो, अर्ज करा, भांडा, वरच्या साहेबांना भेटा. ते ऐकून घेत आणि पुढचा सदरा पाणी मारून पसरत.

पण मुलीची, ज्योतीची, सोयरीक शिरपूरच्या एका कुटुंबात जुळायला लागली, तेव्हा पहिल्यांदा ते स्वतःहून माझ्याकडे आले. लग्न अखाजीला, अक्षय्य तृतीयेला, धरायचं ठरत होतं. आप्पांना एकच भीती. लग्नाच्या दिवशी नेमका कुणी मोठा माणूस सुरतेत आला तर? मांडवातून, व्याह्यांच्या देखत, रमणभाई सायकल घेऊन हजर झाले तर?

"आते तरी नाव काढाले पायजे," ते म्हणाले. "पोरीना करता."

मी गुजरातीत अर्ज लिहिला. नशीब असं की तेव्हा चौकीला आलेले नवे साहेब वाचून सही करणाऱ्यांपैकी होते. त्यांनी आप्पांचं सगळं जुनं रेकॉर्ड पाहिलं, इतक्या वर्षांत एकही नवा गुन्हा नाही हे पाहिलं आणि म्हणाले, "काका, आ विसर्जन जवा दो. एटलुं शांतिथी जाय, पछी तमारुं नाम काढवा हुं पोते लखीश." म्हणजे एवढं एक विसर्जन नीट पार पडायचं होतं, मग नाव काढायला साहेब स्वतः लिहिणार होते. आप्पा चौकीतून बाहेर आले आणि त्या दिवशी त्यांनी लारीवर आलेल्या सगळ्यांना चहा पाजला.

आणि नेमका याच सुमारास आमच्या गल्लीत सिनेमा आला.

सिनेमा गरिबीवर होता. गरिबी, गुन्हेगारी आणि त्यातून जगायची धडपड, असं डायरेक्टरने पहिल्याच दिवशी मंडळाच्या मांडवात आम्हाला सांगितलं. मुंबईचा तरुण माणूस, दाढी, पायात महागडे फाटके बूट. "हमें असली चाहिए, एकदम कच्चा," तो म्हणाला. मग त्यांच्या माणसांनी असली गल्लीला कच्चं करायला सुरुवात केली. आमच्या गटारावर फरशा बसाव्यात म्हणून आम्ही नगरसेवकाच्या दारात वर्षानुवर्षं उभे राहिलो होतो. त्या फरशा त्यांनी काढून ठेवल्या, कारण उघडं गटार कॅमेऱ्यात चांगलं दिसतं. यमुनाबाईंनी, म्हणजे आप्पांच्या बायकोने, दिवाळीला निळा रंग दिलेली भिंत त्यांनी काजळी फासून काळी केली. बदल्यात आम्हाला दुपारचं जेवण होतं. डायरेक्टर म्हणायचा, गरिबीला एक टेक्स्चर असतं. मी मराठीचा मास्तर, मला हा शब्द माझ्या भाषेत सापडला नाही. आमच्याकडे गरिबीला वास असतो आणि तो जावा म्हणून लोक राबत असतात.

कपड्यांचा प्रकार तर आप्पांच्या घरीच घडला. नटांच्या कपड्यांचं मोठं गाठोडं संध्याकाळी ठेवायला जागा नव्हती, म्हणून कपडेवाल्या मुलीने ते आप्पांच्या स्वाधीन केलं. "अंकल, बस संभालके रखना." गाठोड्यात झोपडपट्टीतल्या माणसांचे म्हणून तयार केलेले कपडे होते. चहाच्या पाण्यात बुडवलेले, ग्रीस फासलेले, दगडावर घासून विरवलेले. त्या मुलीने आणि तिच्या माणसांनी त्यावर आठवडाभर मेहनत घेतली होती.

यमुनाबाईंनी गाठोडं सोडलं, नाकाला पदर लावला आणि म्हणाल्या, "अरे देवा, मोठ्ठा लोके, आनि कपडा दखा!" सिनेमातली माणसं असल्या कळकट कपड्यात पडद्यावर गेली, तर लिंबायतची काय अब्रू राहील, असा त्यांना प्रश्न पडला. नवरा-बायकोंनी मिळून सगळे कपडे सोडा घालून धुतले, फाटलेल्या जागा रफू केल्या, पंख्याखाली वाळवले. सकाळी लारीवर रांगेने घड्या तयार. खिसे कापणारा, दारू गाळणारा, सुरा चालवणारा, सगळ्यांचे कपडे स्टार्च घालून कडक.

कपडेवाली मुलगी लारीजवळ आली, एक शर्ट उचलला आणि रडायलाच लागली. आप्पांना वाटलं, आनंदाने रडते आहे. "राहू दे बेटा," ते म्हणाले, "पैसा नही लेवाव."

डायरेक्टर मात्र पोट धरून हसला. "कौन है ये आदमी?" त्याने आप्पांना जवळ बोलावून चेहरा निरखला, हनुवटी वळवून पाहिली. या चेहऱ्यात कहाणी आहे, म्हणाला. कहाणी काय आहे ते त्याने विचारलं नाही. विसर्जनाच्या मिरवणुकीत एक प्रसंग होता. चोर गर्दीतून पळतो आणि कोपऱ्यावरचा हवालदार नुसता बघत राहतो. तो हवालदार आप्पांनी करायचा, असं तिथल्या तिथे ठरलं.

गल्लीत हसून हसून लोकांची मुरकुंडी वळली. "आप्पा, आता तुमीच तुमाले धरी आना!" कुणीतरी ओरडलं. आप्पा गंभीर होते. सिनेमातली खाकी हातात घेऊन त्यांनी शिलाई पाहिली आणि मला हळूच म्हणाले, "गुरजी, त्या दिनले मी कोपऱ्यावर उभा ऱ्हासू. गणपती समोरथून जाई."

तेव्हा माझ्या लक्षात आलं की त्यांना सिनेमात रस नव्हता.

त्यांनी रीतसर चौकीत जाऊन साहेबांना विचारलं. साहेब हसले. "करो ने काका. पण चार वागे अहीं बेसी जजो." चार वाजेपर्यंत बाकावर हजर. प्रॉडक्शनवाल्यालाही आप्पांनी हे सांगितलं. तो फोनवर बोलत होता. त्याने मान हलवून अंगठा दाखवला.

विसर्जनाच्या दिवशी मी मंडळाच्या माणसांबरोबर ट्रॅक्टरच्या मागे होतो. ढोल, गुलाल, डीजे, आणि मध्येच सिनेमावाल्यांचे कॅमेरे. कोपऱ्यावर खाकीतले आप्पा मला लांबून दिसले, मग गर्दी आडवी आली. मिरवणूक रीटेक देत नाही, त्यामुळे डायरेक्टरचा आरडाओरडा चालला होता. आमचा गणपती कोपऱ्यावरून पुढे गेला.

पुढचं मला आप्पांनी आणि नंतर रमणभाईंनी सांगितलं, ते दोघांचं जुळतं. काम संपेपर्यंत चार वाजत आले होते. आप्पांचे स्वतःचे कपडे सिनेमावाल्यांच्या गाडीत होते आणि ती गाडी मिरवणुकीच्या पलीकडे अडकली होती. खाकी उतरवून बिनसदऱ्याचं जाणं आप्पांना शक्य नव्हतं. थांबावं तर साहेबांना दिलेला शब्द जातो. इतक्या वर्षांत ते एकदाही उशिरा पोहोचले नव्हते, आणि याच विसर्जनावर सगळं अवलंबून होतं. ते होते तसे, खाकीतच, चौकीकडे धावत सुटले.

साहेब बंदोबस्ताला नदीवर, विसर्जनाच्या ओवाऱ्यावर गेले होते, रमणभाईही. चौकीत त्या दिवसापुरता बाहेरून आलेला एक अधिकारी बसला होता. धापा टाकत आलेला हवालदार पाहून त्याने रस्त्याकडे बोट दाखवलं. "अहीं शुं करे छे? जा, पेला नाका पर ऊभो रहे."

"हो साहेब," आप्पा म्हणाले. खाकीतल्या माणसाने सांगितलं की हो म्हणायचं, ही सवय. ते नाक्यावर जाऊन उभे राहिले. थोड्या वेळाने त्यांना वाटलं, आपण तर बाकावर असायला हवं. ते परत आत आले आणि माठाशेजारी जाऊन बसले.

अधिकारी चिडला. "कया स्टेशननो छे तुं?"

"याच स्टेशनचा, साहेब. कितीतरी वर्षांपासून इथेच बसतो."

"नाम?"

"झिपरू नथ्थू."

नाव त्याच्यासमोरच्या यादीत होतं. यादीतला गुन्हेगार, विसर्जनाच्या दिवशी, पोलिसाच्या वेषात, नाक्यावर उभा राहून आलेला. त्या अधिकाऱ्याच्या उभ्या नोकरीत इतका मोठा मासा गळाला लागला नसेल. साहेब आणि रमणभाई परतले तोवर तोतया पोलीस म्हणून नोंद झाली होती, वर कळवून झालं होतं, आणि कळवलेलं मागे घ्यायची पद्धत सरकारात नाही.

"एक चिठ्ठी आणा," बातमी कळून मी चौकीत पोहोचलो तेव्हा साहेब मला म्हणाले. हा आमचा कलाकार आहे आणि कपडे आमचे आहेत, एवढं सिनेमावाल्यांनी लिहून द्यायचं. मी रात्रीच प्रॉडक्शनवाल्याला गाठलं. त्याने सकाळचा वायदा केला. सकाळी त्यांच्या गाड्या मुंबईच्या रस्त्याला लागल्या होत्या. गटार उघडंच होतं.

मी फोन करत राहिलो. प्रॉडक्शनवाला म्हणाला, पोलिसांच्या गणवेशाची परवानगी त्या दिवसाची नव्हती, लिहून दिलं तर आमच्यावर येईल. डायरेक्टर एकदाच बोलला. "सर, इमोशनली हम पूरे आपके साथ हैं. यही तो हमारी फिल्म कहती है." मी शिवी देणारा माणूस नाही. त्या दिवशी अहिराणीत दिली. त्याला कळली नाही, तो थँक्यू म्हणाला.

आप्पा जामिनावर सुटले, पण नाव निघायचं ते राहिलंच, शेजारी आणखी एक गुन्हा जाऊन बसला. चांगले साहेब बदलून गेले. मी आप्पांना विचारलं, "धावत कशाला गेलात? साहेबांनी समजून घेतलं असतं."

"शब्द देयेल व्हता."

"बरं, गणपती तरी दिसला का?"

"दिसना," होकाराची मान हलवत ते म्हणाले आणि इस्त्रीत फुंकर मारली.

अखाजी आली आणि निवडणूकही आली. व्हायचं तेच झालं. फक्त रमणभाई मांडवात आले नाहीत. आदल्या संध्याकाळी लारीपाशी येऊन नुसते उभे राहिले, आवाज दिला नाही. आप्पांनी व्याह्यांना सांगितलं की बारडोलीला मोठ्या साहेबांच्या घरचं इस्त्रीचं काम आलंय, टाळता येत नाही. ती थाप शिरपूरकरांना खरी वाटली की नाही कोण जाणे. सगळ्या वऱ्हाडाचे कपडे त्यांनी दुपारपर्यंत करून ठेवले होते, नवरदेवाचा फेटासुद्धा. कन्यादान यमुनाबाईंच्या भावाने केलं. लग्नाच्या फोटोंत आप्पा कुठेच नाहीत, पण प्रत्येकाच्या बाहीवर ती सरळ रेघ आहे.

त्या थंडीत लारीवरच छातीत कळ येऊन आप्पा गेले. निखारे विझवायलाही कुणाला सुचलं नाही. हातातला सदरा जळाला. अंत्ययात्रेत यमुनाबाई तेच सांगत होत्या, कुणाचा तरी सदरा जळाला हो, भरून द्यावा लागेल.

पुढच्या विसर्जनाला सकाळी चौकीतून नवा हवालदार आला. रमणभाई निवृत्त झाले होते. त्याने आप्पांच्या नावाने हाक मारली. यमुनाबाईंनी हार घातलेला फोटो दाखवला. तो बिचारा वरमला, म्हणाला, मरणाचा दाखला चौकीत द्या, नाहीतर नाव तसंच राहील. मी दाखला घेऊन गेलो. कारकुनाने तो पाहिला आणि एक रेघ मारली, बसल्या जागेवरून, हातातला चहा खाली न ठेवता. इतकं सोपं होतं ते. घरी आल्यावर यमुनाबाईंनी दारातच विचारलं, "निंघनं का नाव?"

"निघालं," मी म्हणालो.

सिनेमा त्यानंतर आला. पेपरांत मोठं कौतुक छापून आलं होतं, वास्तवाचं दाहक दर्शन वगैरे. डायरेक्टर कुठल्याशा समारंभात कोट घालून उभा असलेला फोटो होता, कोट चुरगळलेला. मी यमुनाबाईंना चला म्हणालो. त्या नाही म्हणाल्या. मग मी एकटाच मॉलमधल्या थिएटरात जाऊन बसलो. आमचं गटार भिंतीएवढं मोठं दिसत होतं.

विसर्जनाचा प्रसंग आला. चोर गर्दीत घुसतो, ढोल वाजतात, गुलाल उडतो, आणि क्षणभर कोपऱ्यावरचा हवालदार दिसतो. सिनेमावाल्यांनी मुद्दाम चुरगळून दिलेल्या खाकीला आप्पांनी कधी इस्त्री मारली कोण जाणे, बाहीवर रेघ उभी होती. चोर त्यांच्या खांद्याला धक्का देऊन पळाला. आप्पांचं लक्षच नव्हतं. ते वर, ट्रॅक्टरच्या दिशेने पाहत होते. काठी काखेत मारून त्यांनी हात जोडले. डोळे मिटले नाहीत. ओठ हलत होते.

माझ्या मागच्या रांगेत एक मुलगा आणि मुलगी पॉपकॉर्न खात होते.

"पोलीसवाळो आवी रीते हाथ जोडे?" मुलगी म्हणाली.

"हा यार," मुलगा म्हणाला. "आ जरा फिल्मी थई गयुं."

मी मागे वळून त्यांच्याकडे पाहिलं. पुन्हा पडद्याकडे वळेपर्यंत तो कोपरा गेला होता. चोर पळत होता आणि कॅमेरा त्याच्या मागे लागला होता.